न झालेली मेजवानी : ‘शोल्डर आर्म्स’ (१९१८) या युद्धविडंबनाचं प्रकरण

चार्ली चॅप्लिनने १९१८च्या उन्हाळ्यात पहिल्या महायुद्धावर विनोदी मूकपट करायला घेतला, तेव्हा आराखडा पाच रिळांचा होता (एक रीळ म्हणजे साधारण हजार फूट फिल्म). ऑक्टोबरात थिएटरात पोचली ती तीन रिळं. सुरुवातीचा भाग चित्रित होऊन कापला गेला आणि शेवटचा, मेजवानीचा भाग चित्रितच झाला नाही. ‘लांबी कमी केली, चित्रपट घट्ट झाला’ असं म्हणून हे दोन्ही निर्णय सहसा एका दमात निकालात काढले जातात. पण त्यांची जात वेगळी आहे. पहिल्याने चित्रपट सुधारला, दुसऱ्याने तो सांभाळला गेला. या प्रकरणात ते दोन्ही सुटे करून पाहिले आहेत.

पार्श्वभूमी

ऑगस्ट १९१४मध्ये युद्ध पेटलं तेव्हा चॅप्लिन २५ वर्षांचा होता. नागरिक ब्रिटिश, मुक्काम कॅलिफोर्नियात. १९१६मध्ये म्युच्युअल या चित्रपट कंपनीने त्याला आठवड्याला १०,००० डॉलर आणि वर १,५०,००० डॉलर बोनस असा करार दिला. वर्षाचे ६,७०,००० डॉलर! कंपनीच्या परवानगीशिवाय युद्धकाळात अमेरिका सोडायची नाही, असंही त्या करारात होतं. ही अट बाहेर फुटल्यावर ब्रिटिश वर्तमानपत्रांना आयतंच कोलीत मिळालं. घरोघरची पोरं खंदकात मरताहेत आणि हा तिकडे कोलांट्या मारून पैसे मोजतोय, असा सूर लागला. टपालातून पांढरी पिसं येऊ लागली. पांढरं पीस म्हणजे भित्रेपणाचा आहेर.

जून १९१७मध्ये फर्स्ट नॅशनल या वितरण कंपनीशी नवा करार झाला : आठ चित्रपट, १० लाख डॉलर, सहीचे ७५,००० वेगळे. यातलं एक कलम या प्रकरणाला थेट भिडतं. प्रत्येक दोन रिळी चित्रपटामागे १,२५,००० डॉलर आगाऊ आणि त्यापुढच्या प्रत्येक रिळाला फक्त १५,०००. म्हणजे पहिल्या दोन रिळांना प्रत्येकी ६२,५०० आणि तिसऱ्यापासून पाव हिश्शाहूनही कमी. आता स्टुडिओ त्याचा स्वतःचा होता, सनसेट बूलव्हार्ड आणि ला ब्रेआच्या कोपऱ्यावर नुकताच बांधलेला. रीळ वाढलं की खर्चाचा मीटर त्याच्याच खिशातून पळायचा.

एप्रिल १९१८मध्ये ‘अ डॉग्ज लाइफ’ पुरा करून तो डग्लस फेअरबँक्स आणि मेरी पिकफर्ड या पडद्यावरच्या ताऱ्यांबरोबर लिबर्टी बाँड, म्हणजे युद्धखर्चासाठीचे सरकारी रोखे, विकायला निघाला. वॉल स्ट्रीटवर हजारोंच्या गर्दीपुढे फेअरबँक्सच्या खांद्यावर बसून त्याने लोकांना ते रोखे घ्यायला सांगितलं. मंत्री, अधिकारी, बँकर आणि देणगीदार बायका हे सगळं मंडळ त्याने त्या दौऱ्यात हातभर अंतरावरून पाहिलं. ही गोष्ट पुढे लागणार आहे.

अडचण

युद्ध चालू असताना युद्धावर हसायचं कसं, हा प्रश्न तेव्हा पुस्तकी नव्हता. सेसिल बी. डिमिलसारख्या मुरलेल्या दिग्दर्शकाने त्याला बजावलं की अशा काळात युद्धाची थट्टा अंगाशी येईल.

कायद्याची बाजू तर आणखी टोकदार होती. जून १९१७मध्ये हेरगिरीविरोधी कायदा आला आणि मे १९१८मध्ये राजद्रोहाचा कायदा येऊन तो आणखी आवळला गेला. लॉस एंजेलिसमध्येच रॉबर्ट गोल्डस्टीन नावाच्या निर्मात्याने अमेरिकन स्वातंत्र्ययुद्धावर चित्रपट काढला होता. त्यात ब्रिटिश सैनिक अत्याचार करताना दाखवले होते. विषय १७७६चा, पण १९१७मध्ये ब्रिटन मित्रराष्ट्र झालेलं! चित्रपट जप्त झाला आणि १९१८मध्ये गोल्डस्टीनला दहा वर्षांची शिक्षा झाली. नंतर ती तीन वर्षांवर आली, पण चॅप्लिन नवा चित्रपट सुरू करत होता तेव्हा शहरात चर्चेला होता तो दहाचा आकडा.

मराठी वाचकाला इथे खाडिलकरांचं ‘कीचकवध’ आठवेल. १९०७च्या त्या नाटकावर १९१०मध्ये बंदी आली, आणि तिथे तर महाभारताची आड होती. चॅप्लिनच्या आराखड्यातल्या शेवटच्या प्रसंगात राजे जिवंत होते, गादीवर होते आणि त्यांना कसलीच आड नव्हती.

समोरचे पर्याय

पहिला पर्याय, विषय सोडून द्यायचा आणि चार्ली या आपल्या ठरलेल्या भटक्या पात्राचा आणखी एक चित्रपट करायचा. धंदा नक्की होता, पण पांढऱ्या पिसांना उत्तर मिळालं नसतं.

दुसरा, सरळ प्रचारपट. हा त्याने त्याच वर्षी वेगळा करूनही टाकला. ‘द बाँड’ हा छोटा चित्रपट काळ्या पडद्यापुढे मोजक्या सामानात उभा केला आहे आणि शेवटी चार्ली ‘लिबर्टी बाँड्स’ लिहिलेली मोगरी कैसरच्या, म्हणजे जर्मन सम्राटाच्या, डोक्यात घालतो. ही शहाणी वाटणी होती. प्रचाराचं देणं तिथे फिटलं आणि मोठ्या चित्रपटावर घोषणांचं ओझं आलं नाही.

तिसरा, मूळ आराखडा. चॅप्लिनने आत्मचरित्रात तो सांगितला आहे : आधी घर, मध्ये युद्ध, शेवटी मेजवानी. कैसरला पकडल्याबद्दल युरोपातली सगळी मुकुटधारी मंडळी चार्लीचा सत्कार करतात आणि मग त्याला जाग येते. चॅप्लिनच्या जुन्या चरित्रांत या मेजवानीचा एक बारकावा मिळतो. चार्ली भाषणाला उभा राहतो आणि इंग्लंडचा राजा हळूच मागून येऊन त्याच्या गणवेशाचं बटण आठवण म्हणून कापून घेतो. शिपायाने जीव द्यायला निघायचं आणि राजाने त्याचं बटण खिशात घालायचं. वरच्या वर्गाच्या युद्धप्रेमावर यापेक्षा नेमकं काही सुचणं कठीण.

चौथा पर्याय, फक्त खंदक. मागचं घर नाही, पुढची मेजवानी नाही. छावणीत सुरुवात, तिथेच जाग.

काय केलं

काम मे महिन्याच्या अखेरीस सुरू झालं. तात्पुरतं नाव ‘कॅमूफ्लाज’. चॅप्लिन कागदावर पटकथा लिहीत नसे. कल्पना सेटवर उभी करायची, कॅमेऱ्यासमोर तालीम करायची, फिल्म धुऊन पाहायची, मोडायची. दुसऱ्याचा कच्चा खर्डा वहीत असतो, याचा निगेटिव्हमध्ये. म्हणून पुढे फेकलेल्या फुटेजला ‘वाया गेलं’ म्हणताना जरा थांबावं लागतं.

आधी घराचा भाग झाला. चार मुलांना घेऊन चार्ली रस्त्याने येतो, क्षणभर बाजूला जातो आणि तोंड पुसत, ढेकर देत परततो. घरात पाऊल टाकताच डोक्यात तवा बसतो. बायको दिसतच नाही, दोरीवर वाळत घातलेला तिचा अवाढव्य झगा तेवढा दिसतो. मग भरतीची वैद्यकीय तपासणी. उघडा चार्ली काचेच्या दारावर ‘डॉ. फ्रान्सिस’ हे नाव वाचतो, डॉक्टर बाई असणार समजून पळतो आणि कारकून बायकांनी भरलेल्या काचेच्या खोल्यांच्या चक्रव्यूहात अडकतो. तपासणीचा दुसरा तुकडा दुधी काचेमागे, नुसत्या सावल्यांचा.

विनोद म्हणून यातलं काहीच कमी नाही, तरी सगळं कापलं. चॅप्लिनने दिलेलं कारण असं की चार्लीला पूर्वपीठिका नको, तो प्रेक्षकाला थेट सैन्यातच भेटावा. हे कारण तपासून पाहण्यासारखं आहे. बायको आणि चार मुलं असलेला माणूस खंदकात गेला की प्रत्येक गोळीला घराचा हिशेब चिकटतो. प्रेक्षकाला तवा आठवतो किंवा पोरं आठवतात. एकाने युद्ध म्हणजे बायकोपासून सुटका असा जुनाट विनोद होतो, दुसऱ्याने हसू घशात अडकतं. मागचं काहीच नसलेला माणूस कोणाचाही मुलगा, कोणाचाही भाऊ होऊ शकतो.

त्यामुळे आताचा चित्रपट कवायतीने उघडतो. पाय दोन दिशांना फाकलेले, ‘मागे फिर’ म्हटलं की पायांची गाठ. दमून तो तंबूत खाटेवर पडतो आणि तिथून पुढचं सगळं स्वप्न.

खंदकातल्या युक्त्यांची बांधणी जवळून बघावी. पाठीवरच्या सामानात उंदराचा सापळा आणि खिसणी. खिसणी भिंतीला टांगून तो तिच्यावर पाठ घासतो, कारण खंदकात उवा होत्या आणि हे प्रत्येक शिपायाला ठाऊक होतं. झोपायच्या तळघरात गुडघ्याच्या वर पाणी. चार्ली भिजलेली उशी नीट फुगवतो, पाण्याखाली आडवा होतो आणि ग्रामोफोनचा कर्णा तोंडाला लावून श्वास घेतो. नेमबाजी करताना प्रत्येक बळीमागे फळीवर खडूने एक रेघ. समोरून आलेली गोळी शिरस्त्राणाला चाटून जाते, तेव्हा तो निमूट एक रेघ पुसतो. युद्धाच्या पत्रकबाजीवरची ही टीका काही सेकंदांत होऊन जाते आणि तिला मूकपटातल्या लेखी पाटीची गरज पडत नाही.

सगळ्यात संयमाचा तुकडा पत्राचा आहे. टपाल येतं आणि चार्लीचं काहीच नसतं. तो पहाऱ्यावरच्या दुसऱ्या शिपायाच्या खांद्यावरून त्याचं पत्र वाचू लागतो. त्या शिपायाच्या चेहऱ्यावर जे उमटतं ते अर्ध्या क्षणाने चार्लीच्या चेहऱ्यावर येतं : आधी हसू, मग काळजी, मग सुटकेचा श्वास. शिपायाच्या लक्षात येतं, तो पाठ फिरवतो. घराचा भाग कापल्याचं बळ इथे दिसतं. चार मुलं आधी दाखवली असती तर पत्र का नाही, याचं उत्तर द्यावं लागलं असतं.

वर्गावरची टीका चित्रपटात अगदीच नाही असं नाही. चार्ली एकटा १३ जर्मन पकडून आणतो आणि ‘मी त्यांना वेढा घातला’ असं सांगतो. कैद्यांना तो सिगारेटी वाटतो. शिपाई घेतात, बुटका अधिकारी मात्र तोऱ्याने झिडकारतो. चार्ली त्याला मांडीवर पालथा घालून चापट्या मारतो आणि त्याचे स्वतःचेच शिपाई टाळ्या वाजवतात. शत्रूचा शिपाई आणि आपला शिपाई एका बाजूला, दोघांचा अधिकारी दुसऱ्या बाजूला, हे १९१८ साली पडद्यावर आणणं धाडसाचंच होतं. पण मार खाणारा अधिकारी जर्मन आहे आणि ती सोय लपत नाही.

पुढे झाडाचं सोंग येतं. चार्ली बुंध्याच्या वेषात शत्रूच्या हद्दीत शिरतो. कडक उन्हाळ्यात त्या खोडात शिरून काम करणं जीवघेणं होतं. मुळातच चॅप्लिनला स्टुडिओबाहेरचं चित्रण आवडत नसे, आणि चित्रपट रेंगाळण्यामागे हेही होतं. मग फ्रेंच मुलगी (एडना पर्व्हायन्स) आणि तिचं तोफांनी फोडलेलं घर. भिंती नाहीत, खिडकीची चौकट उभी आहे. चार्ली आत येतो आणि झोपण्याआधी खिडकीचा पडदा खाली ओढतो. दोघांना एकमेकांची भाषा येत नाही. आपण अमेरिकन आहोत हे सांगायला तो स्वतःच्या डोक्यावर टोला हाणून तारे दाखवतो आणि बोटांनी हवेत पट्टे ओढतो.

नटांची काटकसरही ध्यानात घ्यावी. चॅप्लिनचा सावत्र भाऊ सिडनी सोबतचा शिपाईही झाला आणि कैसरही. हेन्री बर्गमनने जाडा जर्मन सार्जंट आणि जर्मन सेनापती हिंडेनबर्ग दोन्ही निभावले. अल्बर्ट ऑस्टिनच्याही वाट्याला एकाहून अधिक भूमिका. हातखंड्याची माणसं आणि मिशा बदलून चाललेला संसार.

शेवटी कैसर पकडला जातो आणि दोन शिपाई चार्लीला तंबूत हलवून जागं करतात. मेजवानीचा सेट लागलाच नाही.

निर्णयाचे तीन क्षण

पहिला, सुरुवातीचा भाग कापण्याचा. वर पाहिल्याप्रमाणे तो कसबाचा निर्णय होता आणि बरोबर होता.

दुसरा, मेजवानी सोडण्याचा. पैशाचं गणित त्या बाजूला होतंच. चौथ्या-पाचव्या रिळाला १५-१५ हजार, आणि दरबार उभा करायचा तर झुंबरं, गणवेश, दोनेकशे पाहुणे! वेळही हातातून चालला होता, युद्ध संपलं असतं तर अख्खा चित्रपट शिळा. रचनेचाही मुद्दा आहे. कैसर पकडणं हा स्वप्नाचा कळस, त्यानंतर लांब प्रसंग जोडला तर उतार लागतो. ही कारणं खरी आहेत. पण परिणाम मोजताना एवढं मांडावं लागतं की आराखड्यात स्वपक्षाच्या बड्यांवर रोखलेला प्रसंग हा एकच होता. तो गेल्यावर उरलेल्या विडंबनात मार खातात ते कैसर, युवराज, हिंडेनबर्ग आणि तो बुटका अधिकारी. सगळे पलीकडचे.

तिसरा, चित्रपट केरात न टाकण्याचा. महिनोन्‌महिने तेच ते पाहून चॅप्लिन इतका उतरला होता की सगळा स्टुडिओच त्याच्याबरोबर खचला. फेअरबँक्स एका मित्राला घेऊन बघायला आला, तेव्हा हे टाकून द्यावं म्हणतोय असं चॅप्लिनने त्याला आधीच सांगितलं. फेअरबँक्स पहिल्या दृश्यापासून हसत सुटला, थांबला तो खोकल्याची उबळ आली तेव्हाच. विनोद शंभर वेळा पाहिलेल्या माणसाने त्याचा निकाल देऊ नये, हे चॅप्लिनलाही बाहेरच्या माणसाने शिकवावं लागलं.

परिणाम

२० ऑक्टोबर १९१८ला चित्रपट लागला. इन्फ्लुएंझाच्या साथीने तेव्हा अमेरिकेतल्या अनेक शहरांतली थिएटरं बंद होती. न्यूयॉर्कच्या स्ट्रँडमध्ये मात्र गर्दी लोटली. साथीतही लोक आले म्हणून तिथल्या व्यवस्थापकाने चित्रपटाची वाहवा केली आणि काही दिवसांतच त्याच साथीत तो स्वतः दगावला. ११ नोव्हेंबरला युद्धबंदी. म्हणजे चित्रपट युद्धाच्या शेवटच्या २२ दिवसांत पोचला.

चित्रपट जबर चालला. शिपायांना तर तो अतोनात आवडला, आणि ‘हा लढायला का गेला नाही’ या प्रश्नाला यापेक्षा मोठं उत्तर मिळालं नसतं. खर्च आणि वेळ मात्र ‘अ डॉग्ज लाइफ’पेक्षा जास्त लागला.

वेगळं काय करता आलं असतं

मेजवानी चित्रित करून डब्यात ठेवता आली असती. २२ दिवसांत कायद्याची धार बोथट झाली नसती, पण १९१९-२०मध्ये चार रिळांची नवी आवृत्ती काढणं अशक्य नव्हतं. नंतर अशी जोडणी होत नाही. १९५९मध्ये चॅप्लिनने स्वतःचं संगीत देऊन तीन जुने मूकपट एकत्र पुन्हा काढले, तेव्हा ‘शोल्डर आर्म्स’च्या आधी युद्धाची खरी दृश्यं जोडली. राजांची मेजवानी जोडायला ना सेट होता ना ती माणसं.

दुसरी वाट, मुकुट काढून टाकायचे. इंग्लंडचा राजा जॉर्ज पंचम आणि फ्रान्सचे राष्ट्राध्यक्ष प्वँकारे यांच्या हुबेहूब नकलांऐवजी बिननावाचे सेनापती, दानशूर बायका आणि फीत कापणारे पुढारी घेतले असते तर गोल्डस्टीनसारखी आफत ओढवण्याची शक्यता बरीच घटली असती आणि बटणाची गंमत तशीच राहिली असती. मालमसाला चॅप्लिनकडे भरपूर होता, एप्रिलभर तो त्याच व्यासपीठांवर उभा होता. फार तर दीड मिनिटाचा तुकडा, छावणीच्या भागातच : कवायत चालू आहे, पाहुणे येतात, चार्लीचे फाकलेले पाय पाहून कौतुक करतात आणि जाताना बटण नेतात. दरबारही नको, जादा रीळही नको. आमच्या मते हातातून निसटलेली खरी संधी ही होती.

बाहेरचा प्रेक्षक आधी बसवता आला असता. खंदकाचं पहिलं रीळ जुळल्यावर चार शिपायांना दाखवलं असतं, तर अखेरची उदासी बरीच वाचली असती.

आज दाखवायचा असेल तर

मूळ लांबी सुमारे ३,१४० फूट. ३५ मिमीच्या एका फुटात १६ चौकटी (फ्रेम), म्हणजे साधारण ५०,२०० चौकटी. सेकंदाला १६ने चालवला तर ५२ मिनिटं, २०ने ४२ आणि आजच्या २४ने ३५. २४वर पत्राचा प्रसंग मरतो. चार्लीच्या चेहऱ्यावर येणारा तो अर्ध्या क्षणाचा उशीर गिळला जातो आणि दोघं एकाच वेळी तोंडं वेडीवाकडी करताहेत असं वाटतं. १९५९च्या आवृत्तीत मधल्या चौकटी पुन्हा छापून वेग उतरवला आहे, त्यामुळे चालीत हलके झटके दिसतात. प्रत घेताना कुठली आवृत्ती आणि कुठला वेग हे आधी विचारून घ्यावं आणि पत्राच्या प्रसंगावर चाचणी करावी. चालत्या माणसांवर करू नये, कारण धावपळ कुठल्याही वेगात खपून जाते.

सोबत ‘द बाँड’ जरूर दाखवावा, आधी. कापलेल्या सुरुवातीचं फुटेजही वाचलं आहे. केव्हिन ब्राउनलो आणि डेव्हिड गिल यांनी १९८३च्या ‘अननोन चॅप्लिन’ या मालिकेत ते बाहेर आणलं. तवा, झगा, दुधी काचेमागच्या सावल्या सगळं पाहता येतं. मेजवानीचं मात्र एक फूटही नाही.